आबा, मकसद सांगायचा राहिला

आबा, पित्त झालंय हे तुम्ही कुणाला विचारून ठरवलंत?

हे विचारल्याशिवाय मला पुढचं काही लिहिता येणार नाही, म्हणून आधी हेच. सकाळी छातीत जळजळतंय म्हणालात, आत्याबाईंकडून सोडा मागून प्यायलात आणि स्कूटर काढून कारखान्यात गेलात. दुपारी कापडाच्या ठाणांजवळ खाली बसलात ते उठलाच नाहीत. घरात कुणी प्रश्न नीट कळायच्या आधी उत्तर दिलं की तुम्ही हात वर करून त्याला गप्प करायचात. शिलाई मशीन अडलं तरी तुमचे प्रश्न ठरलेले. कधीपासून? कुठं? आणि कुठं नाही? एका सुईसाठी एवढी चौकशी करणारा माणूस स्वतःच्या छातीला एक प्रश्न विचारत नाही? तेराव्याला लोक येऊन देवमाणूस होता म्हणत होते आणि मला इतका संताप येत होता की मी उठून मागच्या दारी गेले. तिथे उगाचच धुतलेली भांडी परत धुतली.

तेव्हापासून माझं असंच चाललंय. एका जागी बसवत नाही. कारखान्यात जाते, कपाटं आवरते, आवरलेली परत काढते. कटिंग मास्तर परवा म्हणाले, "वैशालीताई, जरा बसा की." मी त्यांच्यावर खेकसले. बिचारे परत कापडाकडे वळले.

तुमची माझी पहिली गाठ पडली मिरजेत, आमच्या बाहेरच्या खोलीत. मला बघायला आला होतात. बाकीच्यांनी शिक्षण, स्वयंपाक, आवडनिवड सगळं विचारून घेतलं. पोह्यांच्या बशा रिकाम्या झाल्या. मग तुम्ही, फौजेतून नुकतेच सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, ताठ बसून म्हणालात, "लगीन कशासाठी करायचंय तुला? मकसद काय?" आईनं तोंडाला पदर लावला. मी तेव्हाही अशीच, तोंडाला लगाम नाही. म्हटलं, आधी तुमच्या मुलाला विचारा, तो आलाय मला बघायला. परतीच्या गाडीत तुम्ही विकासला खरंच विचारलंत म्हणे, आणि सातारा आला तरी त्याला धड सांगता आलं नाही. तरीही होकाराचा फोन तुमचाच आला.

फौजेतून तुम्ही पेन्शन आणलीत, एक लोखंडी ट्रंक आणलीत आणि ही रीत आणलीत. कुठलाही पेच पडो, आधी मकसद, मग अडचणी, मग रस्ते आणि सगळ्यात शेवटी फैसला. क्रम चुकवायचा नाही. मकसद एकच असायला हवा आणि तो एका दमात सांगता यायला हवा. दोन सांगितले की तुम्ही म्हणायचात, "एक ठेव. दुसऱ्याला रांगंत उभा कर." शाळेचे गणवेश शिवायच्या धंद्यात हे ठीक होतं. पण तुम्ही घरही त्यातून सोडलं नाहीत. मला नवा मिक्सर हवा होता तेव्हाची गोष्ट आठवते का? तुम्ही विचारलंत की मकसद चटणी आहे का शेजारच्यांचा मिक्सर. मला असा राग आला की पुढचे कितीतरी दिवस मी पाट्यावर चटणी वाटली आणि मुद्दाम तुमच्या खोलीबाहेर बसून वाटली. शेवटी तुम्हीच मिक्सर घेऊन आलात. आणल्यावर म्हणालात की आता मकसद कळला, तुला माझं डोकं फिरवायचं होतं.

माझं तुमच्या रीतीशी कधी जमलं नाही, कारण मला उत्तर आधी सुचतं. कुणी वाक्य पुरं करायच्या आत माझं उत्तर तयार असतं आणि ते बोलल्याशिवाय मला चैन पडत नाही. तुम्हाला ते पक्कं ठाऊक होतं. तरी दर सोमवारच्या बैठकीत तुम्ही मला तुमच्या शेजारची खुर्ची द्यायचात. सासऱ्याशी आवाज चढवून भांडणारी सून अख्ख्या गल्लीत मी एकटी. शेजारच्या काकू आत्याबाईंना म्हणाल्या होत्या, तुमच्या सुनेला जरा आवरा. तुम्ही आतून ऐकलंत आणि बाहेर येऊन त्यांना सांगितलंत की ती भांडते म्हणून कारखाना चालतो, तुम्ही तुमचं बघा. ते मी स्वयंपाकघरातून ऐकलं होतं. तुम्हाला कधी बोलले नाही.

ब्लेझरचं वर्ष तर मी विसरणंच शक्य नाही. पाचगणीच्या एका निवासी शाळेची मोठी ऑर्डर आपण पहिल्यांदाच घेतली होती. जूनमध्ये माल गेला आणि पंधरवड्यात फोन सुरू झाले की ब्लेझर घट्ट होतात, बटणं लागत नाहीत. शाळेनं सांगितलं, निस्तरा, नाहीतर पुढच्या वर्षी दुसरा शिंपी बघतो. सोमवारी सगळे जमले. मास्तर म्हणाले कापड आटलंय. विकास म्हणाला मापं घेताना टेप ओढून धरली असणार. मी म्हटलं, त्यात काय एवढं, पोरं सुट्टीत घरी गेली, आंबे खाऊन फुगली, सगळ्यांना एक साइज वाढवून द्या आणि विषय संपवा. माझं तर ठरलंच होतं.

तुम्ही हात वर केलात. म्हणालात, "कुणाचं घट्ट न्हाई, ते आधी सांगा."

हा काय प्रश्न झाला, असं मला वाटलं. ज्यांची तक्रार नाही त्यांचा विचार कोण कशाला करेल? पण तुम्ही फोन करून शाळेतून काढून घेतलंत. वसतिगृहातल्या मुलांची तक्रार होती, घरून रोज येणाऱ्यांपैकी एकाचीही नव्हती. कापड तर सगळ्यांचं एकाच ठाणातलं आणि टेप धरणारा हातही एकच. मग माझ्याकडे वळून विचारलंत, "घरनं येणारी पोरं आंबं खात न्हाईत व्हय?" मास्तर हसले. मी दातओठ खाऊन बसले.

दुसऱ्या दिवशी तुम्ही मला स्कूटरवर मागे बसवून पाचगणीला नेलंत. धुकं, गार वारा आणि वरून बारीक पाऊस. मुलं जेवायला रांगेनं निघाली होती आणि बघते तर प्रत्येकाच्या ब्लेझरच्या आत जाड स्वेटर. आपण मापं घेतली होती एप्रिलमध्ये, घाम पुसत, पातळ शर्टावर. घरून येणारी मुलं ब्लेझर फक्त कार्यक्रमाला, नुसत्या शर्टावर घालायची, वसतिगृहातली दिवसभर, स्वेटरवर. एवढंच होतं. त्या वर्षापासून आपण भर एप्रिलात मुलांना स्वेटर घालायला लावून मापं घेतो. मुलं कुरकुरतात, आई-बाप आपल्याला वेडे समजतात, पण शाळा आजही आपल्याकडे आहे. परत येताना पसरणीच्या घाटात तुम्ही स्कूटर थांबवून मला कणीस घेऊन दिलंत आणि तुझं चुकलं असं एकदाही म्हणाला नाहीत. मला तेव्हा वाटलं होतं की म्हणाला असतात तर बरं झालं असतं, भांडता तरी आलं असतं.

म्हणून मिरजेचा विषय काढला तेव्हा मी तयारीनं आले होते. तुमच्याच क्रमानं. मकसद, बायकांना बारा महिने काम. अडचण अशी की शाळांचं काम जुलैत संपतं, मग फेब्रुवारीपर्यंत मशिनं झाकलेली आणि बायका घरी. रस्ता, मिरज. गल्लोगल्ली दवाखाने, नर्सेसचे कपडे, डॉक्टरांचे कोट, ऑपरेशनचे हिरवे झगे, वर्षभर न संपणारं काम. तिथे एक गाळा बघून ठेवला होता, मालक दसऱ्यापर्यंत थांबायला तयार होता. फैसला, गाळा घ्यायचा आणि मी आठवड्यातले निम्मे दिवस तिथे राहून तो चालवायचा. मुलगी पुण्याला शिकायला गेलीय, विकासचं अडणार नाही. सगळं सांगून झालं आणि मला वाटलं, आता बोला.

तुम्ही ताटातली भाकरी मोडत विचारलंत, "काम कुणाला पायजे?"

मी म्हटलं, आपल्या बायकांना.

"त्या ऱ्हातात कुठं?"

साताऱ्यात, आणखी कुठे.

"मग गाळा मिरजंत कशाला? कापड हितं येऊ दे, शिवून तिकडं जाऊ दे. साताऱ्याच्या बाया काय रोज मिरजंला जाणार हायत?"

मी काहीतरी बडबडले, तिथे समक्ष माणूस लागतो, गिऱ्हाईक फोनवर धरून राहत नाही. तुम्ही ऐकून घेतलंत आणि मग हळू म्हणालात, "दोन मकसद हायत तुजे. एक तू सांगतीस, एक तू सांगत न्हाईस. जो सांगत न्हाईस तो खरा हाय. तो सांग, मग बघू." मी ताट सरकवून उठले. म्हटलं, तुम्हाला सुनेनं काही वाढवलेलं बघवत नाही. असं खोटं मी तुमच्याबद्दल कधी बोलले नव्हते आणि बोलतानाच मला ते कळत होतं. तुम्ही उरलेली भाकरी खाल्लीत, हात धुतलेत आणि मशिनांना तेल घालायचंय म्हणून निघून गेलात. त्यानंतर आपण रोज बोलत होतो, पण मिरज हा शब्द दोघांनीही टाळला.

खरं काय होतं ते तुम्हाला ठाऊक होतं, हे मला तेराव्या दिवशी कळलं.

आई आली होती मिरजेहून. तिथे ती एकटी राहते, गुडघे आता तिचं ऐकत नाहीत, मागच्या दिवाळीत न्हाणीघरात पडली तेव्हा शेजारीण हाक ऐकून धावली म्हणून बरं. तरी आली आणि संध्याकाळच्या गाडीनं परत निघाली, कारण लेकीच्या घरी मुक्काम करायचा नाही, हे तिचं आजही पक्कं. तुम्ही असताना कितीदा आग्रह केलात की विहीणबाई, चार दिवस राहा. नाहीच राहिली. स्टेशनवर बाकड्यावर बसलो होतो तेव्हा ती म्हणाली, "तुझे सासरे येऊन गेले होते गं माझ्याकडे. गेल्या महिन्यात."

मला काहीच माहीत नव्हतं. तुम्ही सांगलीला कापडाच्या व्यापाऱ्याकडे जातो म्हणून गेला होतात, तो दिवस. दोन तास बसला होतात म्हणे. आधी आईला वाटलं, माझी तक्रार घेऊन आलात. तुम्ही पाणी प्यायलात, घर बघितलंत, न्हाणीघराच्या उंबऱ्याजवळ उभे राहिलात आणि मग तिला तेच विचारलंत जे मला एकदा त्याच खोलीत विचारलं होतंत. तिला काय हवंय? आई म्हणाली, मला ह्या घरातून हलायचं नाही, पण वैशाली आली की बरं वाटतं, एवढंच. तुम्ही म्हणालात, मग हे तिला सांगा. आई म्हणाली, कसं सांगू, सासर टाकून ये म्हणू का लेकीला? तेव्हा तुम्ही उठताना तिला सांगितलंत की ठीक आहे, तिचं ती सांगेपर्यंत मी थांबतो, तोवर तुम्ही बोलू नका.

गाडी आली, आई चढली आणि मी फलाटावर उभी राहून रडले, आबा. तेरा दिवसांत पहिल्यांदा. लोक बघत होते तरी रडले. सगळं कळलेलं असून थांबलात? मला एकदा नुसतं म्हणाला असतात, आईजवळ जायचंय ना तुला, तर मी तिथल्या तिथे हो म्हटलं असतं. पण ज्याचा मकसद त्यानंच बोलायचा, दुसऱ्यानं त्याच्या तोंडात घालायचा नाही, हा तुमचा हट्ट. मागे रेंगाळणाऱ्याला कडेवर घ्यायचं नाही. छान. आणि थांबता थांबता निघून गेलात. मी सांगणारच होते हो. माझ्या चालीनं म्हटलं असतं, आधी आणखी दोनदा भांडून.

घाबरत होते, दुसरं काय. गाळा पाहिजे म्हटलं तर धंद्याचं बोलणं होतं. आईजवळ राहायचंय म्हटलं तर सून घर सोडून चालली. त्यातून आता तुम्ही नाही. आत्याबाई घरात एकट्या बसलेल्या मला दिसतात आणि मी कुठल्या तोंडानं सांगू की माझ्या आईला माझी गरज आहे?

गाळेवाल्याचा फोन दोनदा येऊन गेला. काल सकाळी मी कारखान्यात तुमच्या जागी बसले आणि तुमच्याच रीतीनं सुरुवातीपासून गेले, चरफडत गेले, पण गेले. दोन्ही मकसद वेगळे केले. बायकांना काम हवंय, तर दवाखान्यांचे कपडे साताऱ्यातच शिवायचे, ह्याच मशिनांवर. मला आईजवळ राहायचंय, तर त्याला गाळा लागतच नाही. मापं आणि ऑर्डरी घ्यायला आईची बाहेरची खोली पुष्कळ झाली. इतके महिने मी दोन कुलपांना एकच किल्ली लावत बसले होते. गाळेवाल्याला नाही म्हणून कळवलं. इतकं सोपं निघालं की मला तुमचा परत राग आला, कारण तुमचं बरोबर होतं आणि ते मान्य करायला समोर तुम्ही नव्हतात. मान्य करते, आबा. ऐकू येत असेल तर ऐका, मी हे परत म्हणणार नाही.

पण फैसला एकटीनं करून चालणार नव्हता. दुपारी घरी आले. आत्याबाई बाहेरच्या सोप्यात घेवडा निवडत बसल्या होत्या, विकास जेवून पेपर चाळत होता. मी बसलेसुद्धा नाही. उभ्याउभ्याच म्हटलं, "आत्याबाई, मला निम्मा आठवडा मिरजेला आईजवळ राहायचंय. धंद्यासाठी नाही. आईसाठी."

विकासनं पेपर खाली ठेवला. आत्याबाईंचा हात चालूच होता. वर न बघताच त्यांनी विचारलं, "त्यास्नी ठावं हुतं?"

मग मी सगळं सांगितलं. तुम्ही मिरजेला गेलात ते, आईला काय विचारलंत ते, दोन तास बसलात ते. दोन तास म्हटल्यावर त्यांचा हात थांबला.

"दोन तास?" त्या म्हणाल्या. "माज्यापाशी कवा बसले गं दोन तास? फौजंत हुते तवा न्हाईत, आल्यावर कारखाना. साऱ्या दुनियेला इचारायचे, तुला काय पायजे. मला एकदा बी न्हाई इचारलं."

तुमची बाजू घ्यावी असं वाटलं, पण कुठली बाजू घेऊ? खरंच विचारलं नसणार तुम्ही. आमची सगळ्यांची झाडाझडती घेतलीत आणि जिच्या हातचा सोडा पिऊन निघालात तिला सोडून दिलंत. मी खाली त्यांच्या शेजारी बसले. म्हटलं, मी विचारते आता. तुम्हाला काय हवंय?

त्यांनी परत घेवडा हातात घेतला. माझ्या ओठांवर हजार उत्तरं आली. आम्ही आहोत ना, मी रोज फोन करीन, नाही तर जातच नाही मी. सगळी गिळली. घेवडा निवडून संपला, साली त्यांनी वर्तमानपत्रात बांधल्या, डोळे पुसले आणि मी तशीच बसून राहिले.

मग म्हणाल्या, "मला तुज्या आईकडं ने. ते कुठं बसले, च्या घेतला का न्हाई, काय काय बोलले, समदं मला तिच्या तोंडनं ऐकायचंय. मग तू ऱ्हा तितं, लागंल तेवढी."

उद्या सकाळच्या गाडीनं आम्ही दोघी निघतोय, आबा. आईला फोन करून सांगितलंय की त्या दिवसाचं सगळं नीट आठवून ठेव, काहीही गाळू नकोस.